तीन रकान्यांचा बेझ कॅल्क्युलेटर: हिशोब चोख, पण तिसरा रकाना सांभाळून भरा

बेझ प्रमेयाचे, म्हणजे नवी माहिती कळल्यावर आधीची संभाव्यता किती बदलते ते सांगणाऱ्या नियमाचे, जे ऑनलाइन कॅल्क्युलेटर फुकट मिळतात, ते बहुतेक एकाच साच्यातले असतात. तीन रकाने आणि एक बटण. पहिल्या रकान्यात मूळ संभाव्यता, म्हणजे कुणी काही सांगण्याआधीची. दुसऱ्यात, गोष्ट खरी असताना सांगणारा तसं सांगेल याची. तिसऱ्यात, गोष्ट खोटी असूनही तो तसंच सांगेल याची. बेभरवशाच्या माणसानं आणलेली बातमी कितपत धरायची, हे या साधनानं कळतं का? पारखायला फाशाचं जुनं गणित उत्तम.

चारपैकी तीन वेळा खरं बोलणारा माणूस फासा टाकतो आणि म्हणतो, "सहा पडले." खरंच सहा पडले असण्याची संभाव्यता किती? पहिल्या रकान्यात १/६, दुसऱ्यात ०.७५. तिसऱ्यात बरेच जण विचार न करता १ मधून ०.७५ वजा करून ०.२५ टाकतात. उत्तर येतं ०.३७५, म्हणजे ३/८.

हे उत्तर बरोबर की चूक, ते त्या माणसाला काय विचारलं होतं यावर ठरतं, आणि नेमकं तेच कॅल्क्युलेटर विचारत नाही. १२० वेळा फासा टाकला असं धरा. सरासरीनं २० वेळा सहा पडतील, त्यांतल्या १५ वेळा तो खरं सांगेल. उरलेल्या १०० पैकी २५ वेळा तो खोटं बोलेल. प्रश्न "सहा पडले का?" असा असेल, तर खोटं बोलायला "हो" एवढाच मार्ग आहे. मग पंचवीसच्या पंचवीस वेळा "सहा" ऐकू येतं, आणि १५ भागिले ४० म्हणजे ३/८. पण प्रश्न "किती पडले?" असा असेल, तर खोटं सांगायला पाच आकडे मोकळे. कुठल्याच आकड्याकडे त्याचा ओढा नसेल, तर २५ पैकी फक्त ५ वेळा तो "सहा" म्हणेल. तिसऱ्या रकान्यात ०.०५, आणि उत्तर १५ भागिले २०, म्हणजे ३/४. माणूस तोच, फासा तोच, उत्तर दुप्पट. फ्रेंच गणिती लाप्लासनं १८१४ मध्येच हा फरक दाखवला होता. ९९९ काळ्या आणि एका पांढऱ्या चेंडूतून एक काढला आणि दहापैकी नऊ वेळा खरं बोलणारा साक्षीदार "पांढरा" म्हणाला, तर त्याचं खरं असण्याची संभाव्यता ९/१००८, एक टक्काही नाही. तेच १००० क्रमांकांच्या चिठ्ठ्यांतून एक काढून त्यानं "७९" सांगितलं, आणि खोटं बोलताना तो कुठलाही क्रमांक सारख्याच शक्यतेनं सांगत असेल, तर ९/१०.

म्हणून ज्या कॅल्क्युलेटरमध्ये दुसऱ्या-तिसऱ्या रकान्याऐवजी "अचूकता" असा एकच रकाना असेल, तो या कामासाठी घेऊच नये. तो ०.२५ गृहीत धरून मोकळा होतो.

भरतानाच्या दोन चुका वारंवार होतात. १/६ ऐवजी ०.१७ लिहिलं की ०.३७५ चं ०.३८१ होतं, चार दशांश स्थळं तरी द्या. दुसरी जास्त महागात पडते. रकाना टक्क्यांचा असताना ५ ऐवजी ०.०५ भरलं, तर ७५ टक्क्यांच्या जागी ९९.७ टक्के दिसतात, आणि यंत्र हूं की चूं करत नाही.

दुसऱ्या साक्षीदारासाठी सोय चांगली आहे: आलेलं उत्तर पुन्हा पहिल्या रकान्यात टाका. ०.७५ वरून तसाच दुसरा माणूस "सहा" म्हणाला की ०.९७८. पण हे दोघांनी आपापलं पाहून सांगितलं असेल तरच. दुसऱ्यानं पहिल्याचंच ऐकून री ओढली असेल, तर दान काहीही असो, तो "सहा"च म्हणणार होता. दुसऱ्या आणि तिसऱ्या रकान्यात १ आणि १ भरा, उत्तर ०.७५ वरच राहतं, आणि तेच योग्य. थोडं पाहिलं, थोडं ऐकलं अशी स्थिती असेल, तर "पहिला सहा म्हणून गेलाय" हे धरूनच दोन्ही आकडे ठरवावे लागतात. एकच ऐकीव बातमी पाच जणांकडून आली म्हणून पाचदा बटण दाबणं, ही या साधनाची सगळ्यांत वाईट वापरपद्धत.

दोनपेक्षा जास्त शक्यता असतील तर साधी स्प्रेडशीट सरस. सहा ओळी, प्रत्येक दानाला एक. पहिल्या स्तंभात १/६. दुसऱ्यात "ते दान पडलं असताना तो सहा म्हणेल" याची संभाव्यता: सहाच्या ओळीत ०.७५, बाकी पाचांत ०.०५. तिसऱ्यात दोघांचा गुणाकार, चौथ्यात त्या गुणाकाराला तिसऱ्या स्तंभाच्या बेरजेनं भागायचं. सहासमोर ०.७५ येतं, इतर प्रत्येकासमोर ०.०५. त्याला खोटं बोलताना "सहा"च म्हणायची खोड असेल, तर पाचही ओळींत ०.०५ च्या जागी ०.२५ टाका, लगेच ३/८ दिसतं.

एकच स्रोत आणि हो-नाहीचा प्रश्न एवढंच काम असेल, तर तीन रकाने पुरतात.