माजी सैनिकाच्या कुटुंबाला ट्रायकेअरमधून मिळालेला ब्रेस्ट पंप : वापरानंतरचा अनुभव

माझे पती अमेरिकेच्या लष्करातून वैद्यकीय कारणास्तव निवृत्त झाले असून आम्ही टेक्सासमधील सॅन अँटोनिओ येथे राहतो. बाळाच्या जन्माआधी मी ट्रायकेअर या लष्करी आरोग्य विम्यातून विजेवर चालणारा ब्रेस्ट पंप घेतला आणि बाळंतपणाची रजा संपल्यापासून कामाच्या दिवशी तो रोजच वापरते आहे. पंपांविषयी वाचायला पुष्कळ मिळते. परंतु माजी सैनिकांच्या कुटुंबांना तो कोणत्या मार्गाने मिळतो, याविषयी जे सांगितले जाते त्यातले निम्मे दुसऱ्याच कुणाला तरी लागू असते. म्हणून यंत्राआधी कागदपत्रांबद्दल लिहिते. यंत्र चांगले आहे, एवढे मात्र सुरुवातीलाच सांगून टाकते.

माजी सैनिकांच्या कुटुंबांसाठी एकच एक विमा नसतो, आणि सगळा गोंधळ येथूनच सुरू होतो. पूर्ण सेवा करून किंवा वैद्यकीय कारणाने जे लष्करातून निवृत्त होतात, त्यांच्या कुटुंबाला ट्रायकेअर मिळते आणि ते संरक्षण खात्याच्या अखत्यारीत येते. ज्यांना सेवेमुळे कायमचे आणि संपूर्ण अपंगत्व आल्याचे माजी सैनिकांच्या खात्याने, म्हणजे व्हीएने, ठरवले आहे, किंवा ज्यांचा अशा अपंगत्वाने मृत्यू झाला आहे, त्यांच्या पत्नीला अथवा पतीला आणि मुलांना चॅम्पव्हीए ही वेगळी योजना आहे. ती ट्रायकेअरला पात्र नसलेल्यांसाठीच आहे. आई स्वतःच माजी सैनिक असेल आणि व्हीएकडे उपचार घेत असेल, तर तिसरा मार्ग खुला होतो. तिथे बाळंतपणाची व्यवस्था पाहणारी समन्वयक असते, पंपाची मागणी तिच्याकडेच करायची, आणि नवजात बाळाच्या पहिल्या सात दिवसांच्या उपचारांचा खर्चही व्हीए करते. चार-पाच वर्षे नोकरी करून निवृत्तीवेतनाविना लष्कर सोडलेल्याच्या पत्नीला, अपंगत्वाचा वरील निकष लागू नसेल, तर यांपैकी काहीच लागू होत नाही. तिने आपल्या किंवा पतीच्या नोकरीतल्या विम्याकडे पाहावे. २०१० च्या आरोग्य कायद्यानंतर बहुतेक खासगी विम्यांना पंप द्यावाच लागतो.

त्या कायद्यातली ही तरतूद ट्रायकेअरला लागू नव्हती, आणि जुन्या लष्करी कुटुंबांतल्या बायका ‘आमच्या वेळी काही मिळत नव्हते’ असे म्हणतात ते त्यामुळेच. तोपर्यंत मुदतपूर्व जन्मलेल्या बाळांसाठी रुग्णालयात वापरतात तसा जड पंप तेवढा मिळत असे. १९ डिसेंबर २०१४ रोजी मंजूर झालेल्या संरक्षण खर्चाच्या कायद्यात पंप, त्याचे सुटे भाग आणि स्तनपानाविषयीचा सल्ला यांचा समावेश झाला आणि २०१५ च्या जुलैपासून त्याची प्रत्यक्ष अंमलबजावणी सुरू झाली.

आमच्या बाबतीत घोळ झाला तो विम्यामार्फत पंप देणाऱ्या पुरवठादाराच्या कार्यालयात. अर्जात पतीच्या नावापुढे ‘व्हेटरन’ असा उल्लेख दिसताच तेथील कर्मचाऱ्याने आमची मागणी चॅम्पव्हीएच्या नावाने पुढे पाठवली. आमचे तेथे खातेच नसल्याने ती परत आली आणि मला ‘तुमचा विमा नाकारला गेला’ असा निरोप मिळाला. विमा नाकारला गेलेला नव्हता. तो विचारलाच गेला नव्हता. लष्करी ओळखपत्राच्या मागच्या बाजूला अकरा अंकी लाभ क्रमांक छापलेला असतो. ओळखपत्राच्या दोन्ही बाजूंची प्रत पाठवून आणि त्या क्रमांकाभोवती पेनाने गोल करून मी ‘ट्रायकेअर, चॅम्पव्हीए नव्हे’ असे ठळक अक्षरांत लिहिले, तेव्हा गाडी रुळावर आली. ज्यांना हे करायचे आहे त्यांनी फोनवर ‘व्हेटरनचा विमा’ असे मोघम न सांगता पहिल्याच वाक्यात योजनेचे नाव घ्यावे.

टेक्सासमधल्या कुटुंबांसाठी आणखी एक बाब महत्त्वाची आहे. १ जानेवारी २०२५ पासून टेक्सास, इलिनॉय, ओक्लाहोमा, विस्कॉन्सिन, आर्कान्सा आणि लुइझियाना ही राज्ये ट्रायकेअरच्या पूर्व विभागातून पश्चिम विभागात गेली आणि त्या विभागाचे काम ट्रायवेस्ट ही कंपनी पाहते. त्याआधी बाळंतीण झालेल्या मैत्रिणीने प्रेमाने दिलेली पुरवठादारांची यादी म्हणूनच जशीच्या तशी वापरू नये. पुरवठादार आपल्या विभागाच्या जाळ्यात, म्हणजे विम्याशी करार असलेल्यांच्या यादीत, आहे की नाही, ते नव्याने विचारून घ्यावे.

पंपासाठी डॉक्टरची चिठ्ठी लागते. सुईण-परिचारिका किंवा नर्स प्रॅक्टिशनर (तपासून उपचार लिहून देणारी उच्चशिक्षित परिचारिका) यांची चिठ्ठीही चालते. हाताने दाबायचा पंप हवा की विजेवरचा, हे चिठ्ठीत स्पष्ट लिहिलेले असले पाहिजे. नुसते ‘ब्रेस्ट पंप’ असे लिहिले तर पुरवठादार पुन्हा दवाखान्याकडे विचारणा करतो आणि त्या फेऱ्यात दिवस जातात. कंपनीचे नाव लिहिण्याची गरज नाही. गर्भारपणाच्या सत्ताविसाव्या आठवड्यापासून पंप घेता येतो आणि माझ्या मते तो तेव्हाच घ्यावा, कारण बाळ झाल्यावर फोन कानाला लावून ताटकळत बसण्याची ताकद कुणाकडेच नसते. जाळ्यातल्या पुरवठादाराकडून घेतल्यास आपल्या खिशातून काही द्यावे लागत नाही. दुकानातून विकत घेऊन नंतर पैसे मागायचे असतील, तर डीडी २६४२ हा अर्ज, चिठ्ठीची प्रत आणि प्रत्येक वस्तूची किंमत स्वतंत्र दाखवणारी पावती एक वर्षाच्या आत पाठवावी लागते. परतफेडीला ठरावीक मर्यादा असते, तिच्यावरची रक्कम आपली. रुग्णालयात वापरतात तसा जड पंप हवा असेल, तर वैद्यकीय कारण आणि आगाऊ मंजुरी दोन्ही लागतात.

माझे वडील भारतीय सैन्यातून निवृत्त झाले, त्यामुळे ईसीएचएस ही तिथल्या माजी सैनिकांची आरोग्य योजना घरात नेहमीच्या बोलण्यातली. पॉलिक्लिनिकचे रेफरल हातात असल्याशिवाय पॅनेलवरच्या हॉस्पिटलात पाऊल ठेवायचे नाही, ही शिस्त साताऱ्यातल्या निवृत्त सैनिकांच्या घरांत पाठ असते. माझी धडपड ऐकून ते एवढेच म्हणाले, ‘बाळा, फाइल कर आणि प्रत्येक कागदाची झेरॉक्स ठेव.’ दोन्ही देशांतल्या लष्करी विम्याबाबत मला मिळालेला सर्वांत उपयुक्त सल्ला तोच.

आता यंत्राविषयी. पुरवठादाराच्या यादीतून मी स्पेक्ट्रा एस-१ निवडला. त्याच कंपनीचा एस-२ हा जवळजवळ सारखाच आहे, मात्र त्याला बॅटरी नाही. कार्यालयातल्या खोलीत भिंतीवरचा प्लग कुठे असेल याचा भरवसा नसल्याने मी बॅटरीचा घेतला आणि तो निर्णय योग्य ठरला. त्यात मसाजची आणि दूध काढण्याची अशा दोन पद्धती आहेत. मसाजमध्ये ओढ जलद आणि हलकी असते, पान्हा फुटला की बटण दाबून दुसऱ्या पद्धतीवर जायचे. तिथे मिनिटाला ३८ ते ५४ आवर्तने आणि ओढीच्या बारा पायऱ्या आहेत. बाराव्या पायरीपर्यंत जाण्याचे मला कधी कारण पडले नाही, आणि जास्त ओढीने जास्त दूध येते हा समज सोडून द्यावा असे माझे ठाम मत आहे; दुखू लागले की अंग आखडते आणि पान्हाच अडतो. अर्ध्या तासाने यंत्र आपोआप बंद होते. रात्रीसाठी मंद दिवा आहे, तो माझ्या अपेक्षेपेक्षा अधिक कामाचा निघाला. दूध नळीत किंवा मोटारीत शिरू नये म्हणून मधे पडदा असलेला भाग बसवलेला असतो, त्यामुळे नळ्या स्वच्छ राहतात. वजन मात्र दीड किलोच्या आसपास आहे आणि लॅपटॉप, डबा, बर्फाची पिशवी यांच्या जोडीला ते रोज खांद्यावर जाणवते. कपड्यांच्या आत बसणारे छोटे पंप मैत्रिणी वापरतात; परंतु विम्यातून फक्त एकच पंप मिळत असेल, तर तो दणकट असावा या मताची मी आहे.

दूध किती निघेल हे मोटारीवर कमी आणि दोन किरकोळ वाटणाऱ्या भागांवर अधिक अवलंबून असते. पहिला भाग म्हणजे छातीला लावायचे फनेल, ज्याला येथे फ्लँज म्हणतात. पंपांबरोबर बहुधा २४ आणि २८ मिलिमीटरची येतात. अनेकींना त्याहून लहान माप लागते, आणि चुकीच्या मापाने स्तनाग्राला जखम होते, शिवाय दूधही पूर्ण निघत नाही. ट्रायकेअरमध्ये बाह्यरुग्ण म्हणून स्तनपानाच्या सल्ल्याची सहा सत्रे मिळतात. त्यांतल्या एका भेटीत सल्लागाराने माप घेऊन मला लहान फ्लँज सुचवले आणि त्यानंतर दूध काढताना होणारी चरचर थांबली. ही सत्रे अनेकजणी वापरतच नाहीत. पंप घेण्याइतकीच ती महत्त्वाची आहेत.

दुसरा भाग म्हणजे डकबिल व्हॉल्व्ह, बोटाच्या पेरापेक्षाही लहान, मऊ सिलिकॉनचा पांढरा तुकडा. त्याच्या टोकाला चीर असते. ओढ असताना ती मिटते आणि ओढ सुटली की उघडून दूध बाटलीत पडू देते. रोजच्या धुण्याने ती चीर हळूहळू सैलावते. यंत्राच्या स्क्रीनवर ओढीचा आकडा तोच दिसतो, मोटारीचा आवाजही तोच असतो, दूध मात्र कमी होत जाते. मग आपले दूधच आटले असे वाटून आई रडकुंडीला येते किंवा ओढ वाढवत राहते. व्हॉल्व्ह उजेडासमोर धरून पाहावा. हात न लावताही चिरेतून प्रकाशाची रेघ दिसली, तर तो बदलण्याच्या लायकीचा झाला आहे. धुताना चिरेत ब्रश घालू नये, त्यानेच ती लवकर फाटते. व्हॉल्व्ह, नळ्या, बाटल्या, दूध साठवण्याच्या पिशव्या हे सारे ट्रायकेअर ठरावीक प्रमाणात, बाळाच्या जन्मानंतर ३६ महिन्यांपर्यंत देते. पंप घरी आल्यावर बहुतेक कुटुंबे हे प्रकरण संपले असे समजतात आणि सुटे भाग वर्षभर स्वतःच्या पैशाने घेत राहतात. पहिल्या चिठ्ठीतच पंपाबरोबर ‘आणि सुटे भाग’ असे लिहून घेणे सोयीचे पडते.

माझी आई बाळंतपणासाठी आली होती. अळिवाची खीर, डिंकाचे लाडू, दुपारचा शेक, सगळे यथासांग चालू असताना हे यंत्र पाहून तिने विचारले, ‘अगं, बाळ मांडीवर असताना हे कशाला?’ तिचे म्हणणे रास्त होते. बाळ नीट ओढत असेल आणि वजन वाढत असेल, तर सुरुवातीच्या आठवड्यांत पंपाची घाई करू नये. गरजेपेक्षा जास्त काढत गेले तर दूध जास्त येऊ लागते आणि गाठी धरतात. कामावर जाण्याच्या काही आठवडे आधीपासून मी दिवसातून एकदा पंप लावू लागले. आईला फ्रीजरमधल्या तारखा घातलेल्या पिशव्यांची रांग पाहून कौतुक वाटले खरे, पण डब्यातले लाडू ती त्याहून बारकाईने मोजत असे.

काढलेले दूध खोलीच्या तापमानाला चार तास, फ्रिजमध्ये चार दिवस आणि फ्रीजरमध्ये साधारण सहा महिने चांगले राहते. गोठवलेले दूध फ्रिजमध्ये वितळले की चोवीस तासांच्या आत वापरावे आणि पुन्हा गोठवू नये. भाग धुण्यासाठी सिंक न वापरता वेगळे घमेले ठेवावे व धुतलेले भाग उघड्यावर वाळू द्यावेत. नळ्या धुण्याच्या भानगडीत पडू नये. नळीत बाष्प दिसले तर यंत्र काही मिनिटे नुसते चालू ठेवले की ते निघून जाते. कार्यालयातल्या जागेबद्दल संकोच बाळगण्याचे कारण नाही, कारण डिसेंबर २०२२ च्या कायद्याने बहुतेक नोकरदार मातांना बाळाच्या जन्मापासून एक वर्षापर्यंत वेळ आणि स्वच्छतागृहाव्यतिरिक्त आडोशाची जागा मिळण्याचा हक्क दिला आहे. भारतात जाताना अडॅप्टरवर १०० ते २४० व्होल्ट असे छापलेले आहे ना, ते पाहावे. तेथे २३० व्होल्टचा पुरवठा असतो आणि केवळ ११० व्होल्टचा अडॅप्टर लावला तर तो जळेल.

एका बाळंतपणाला हातपंप किंवा विजेवरचा यांपैकी एकच मिळतो, जुळे झाले तरीही एकच. पुढच्या बाळंतपणाला मात्र नव्या चिठ्ठीवर नवा पंप मिळतो. प्रवासासाठी आणि वीज गेल्यास असावा म्हणून मी साधा हातपंप स्वतःच्या पैशाने घेतला आहे. त्याचा अर्ज विम्याकडे पाठवण्याचा खटाटोप करू नये, तो मंजूर होणार नाही.