प्रांताधिकारी की न्यायदंडाधिकारी: ज्येष्ठ स्त्रीने दाद कोठे मागावी?

घरच्याच माणसांकडून छळ सोसणाऱ्या ज्येष्ठ स्त्रीपुढे प्रामुख्याने दोन वाटा असतात. एक, आई-वडील व ज्येष्ठ नागरिकांसाठीच्या 2007 च्या अधिनियमाखाली प्रांताधिकाऱ्यांच्या न्यायाधिकरणाकडे अर्ज करणे. दुसरी, 2005 च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याखाली न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जाणे. माझ्या विधवा मावशीसाठी ही निवड आम्हाला करावी लागली, त्यामुळे पुढील मत एका घराच्या अनुभवावर बेतलेले आहे, हे वाचकांनी ध्यानात ठेवावे.

न्यायाधिकरणाच्या बाजूने बरेच काही सांगता येते. अर्ज साधा असतो, खर्च जवळजवळ नसतो, वकिलावाचून काम चालते आणि नोटीस बजावल्यापासून 90 दिवसांत निकाल द्यावा, असे कायदा म्हणतो. सांभाळ करण्याच्या अटीवर घर बक्षीसपत्राने मुलाच्या नावे केले असेल आणि आता तो विचारीत नसेल, तर असे बक्षीसपत्र रद्द करवून घेण्याची सोय देणाऱ्या कलम 23 इतका सरळ उपाय दुसरीकडे मिळत नाही. अट कागदावर किती स्पष्ट हवी, याविषयी सर्वोच्च न्यायालयाची 2022 ची भूमिका काटेकोर होती, तर जानेवारी 2025 च्या ऊर्मिला दीक्षित प्रकरणात ती बरीच उदार झाली; तरीही नवे बक्षीसपत्र करणाऱ्याने अट शब्दांत लिहून घेतलेली बरी.

आमची अडचण वेगळीच होती. मावशीला कुटुंब निवृत्तिवेतन आहे आणि राहते घर तिच्याच नावावर आहे. मुलाकडून तिला पैसे नको होते आणि त्याला घराबाहेर काढण्याचीही तिची इच्छा नव्हती. त्याने तिचा फोन काढून घेऊ नये, बाहेर जाताना तिला कोंडून ठेवू नये आणि येता-जाता अद्वातद्वा बोलू नये, एवढेच तिचे म्हणणे होते. प्रांत कार्यालयात मात्र चौकशीला गेले की पहिला प्रश्न उत्पन्नाचा. ‘आजींना पेन्शन आहे, मग अर्ज कशासाठी?’ हे वाक्य टेबल बदलले तरी बदलत नसे. राग कारकुनांवर काढण्यात अर्थ नव्हता, कारण कलम 4 स्वतःच्या कमाईतून किंवा मालमत्तेतून निर्वाह करू न शकणाऱ्यांचा हक्क सांगते आणि कलम 9 दरमहा 10,000 रुपयांपर्यंतच्या चरितार्थाची रक्कम ठरवते. या कायद्याची चौकटच निर्वाहाची आहे. दुर्वर्तनाला तिच्यात नीटशी जागा सापडत नाही. न्यायाधिकरण मुलाला घराबाहेर काढण्याचा आदेश देऊ शकते, हे न्यायालयांनी मान्य केले आहे, पण आईला तेच नको असेल तर त्या अधिकाराचा उपयोग तो काय?

हिंसाचार कायद्यात प्रश्नाची दिशा उलटी होते. तेथे पेन्शन किती, यापेक्षा घरात काय घडते, हे आधी विचारले जाते आणि शिवीगाळ, अपमान, आर्थिक कोंडी यांनाही हिंसाचारच म्हटले जाते. हा कायदा केवळ सुनांसाठी आहे, असा समज अजूनही आढळतो. आईलाही तो तितकाच खुला आहे. या कायद्याखाली पीडित स्त्रीच्या मदतीसाठी नेमलेल्या संरक्षण अधिकाऱ्यांनी मावशीची हकीकत अहवालात नोंदवून घेतली, तेव्हा तिचे म्हणणे प्रथमच पूर्ण ऐकले गेले, असे मला वाटले. पुढे अंतरिम संरक्षण आदेश झाला आणि त्याची प्रत पोलीस ठाण्यात गेली. असा आदेश मोडणे हा एक वर्षापर्यंत कैद किंवा 20,000 रुपयांपर्यंत दंड होऊ शकणारा गुन्हा आहे. मुलाचे वागणे बदलले ते बहुधा या जाणिवेमुळेच.

या वाटेवरही खड्डे आहेत. व्यवहारात वकील लागतोच आणि 60 दिवसांत प्रकरण संपवण्याचा प्रयत्न व्हावा, असे कायद्यात असले तरी तारखा पडतात. त्रास मुख्यतः सुनेचा असेल, तर अर्ज तिच्याविरुद्धही करता येतो. मात्र घरातील राहण्याविषयीच्या, म्हणजे निवास आदेशाखाली कोणत्याही स्त्रीला घरातून निघून जाण्यास सांगता येत नाही. वडिलांना तर हा मार्गच नाही. त्यांनी प्रांताधिकाऱ्यांकडेच जावे.

प्रश्न मालमत्तेचा किंवा पोटापाण्याचा असेल, तर मीही न्यायाधिकरणच सुचवीन. पण आईला मुलाबरोबर एकाच छताखाली, धाकाविना राहायचे असेल, तर माझा कल न्यायदंडाधिकाऱ्यांकडे झुकतो. एक अर्ज केल्याने दुसऱ्याचे दार बंद होत नाही, त्यामुळे गरज पडल्यास न्यायाधिकरणाकडे नंतरही जाता येते.