आशाताई की पूर्णवेळ समुपदेशक: प्रशिक्षणाचा पैसा कुठं लावावा?

यवतमाळ-अमरावतीकडच्या एखाद्या तालुक्यात मानसिक आरोग्याचं काम सुरू करणाऱ्या संस्थेपुढं दोन वाटा असतात. आहेत त्या आशाताईंना शिकवायचं, नाहीतर तिथल्याच शिकलेल्या पोरा-पोरींना पगार देऊन समुपदेशक म्हणून तयार करायचं.

आशाताईंची बाजू उघड आहे. साधारण हजार लोकांमागं एक आणि घरोघरी ओळख. नैराश्य ओळखायचे पीएचक्यू-९ चे नऊ प्रश्न विचारायला त्या लवकर शिकतात. पण लसीकरण, गरोदर मातांच्या नोंदी, सर्वेक्षणं यांतून वेळ उरतो किती? मोबदलाही बराचसा कामागणिक. शिवाय त्या त्याच गल्लीतल्या. नवऱ्याच्या दारूचं शेजारणीपाशी बोलायला बाई कचरते, आणि सावकाराचं कर्ज असलेला शेतकरी तर तोंडच उघडत नाही.

समुपदेशक शेजारच्या गावचा ठेवता येतो, पुरुषांसाठी पुरुष ठेवता येतो. मुख्य म्हणजे तो नुसता रुग्ण हुडकत नाही, उपचारही करतो. सहा ते आठ बैठकांचा असा उपचार बिगर-डॉक्टर समुपदेशकांनी गोव्याच्या प्राथमिक आरोग्य केंद्रांत दिला आणि त्याचा गुण आल्याचं २०१७ मध्ये ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात छापून आलं. अडचण पगाराची. अनुदान संपलं की माणूस जातो, शिकवलेलंही त्याच्याबरोबर जातं.

आपल्याकडचा दाखला ‘विश्राम’ या विदर्भातल्या मानसिक आरोग्य प्रकल्पाचा. अमरावती जिल्ह्यातल्या ३० गावांत आरोग्य कार्यकर्ते, समुपदेशक आणि मानसोपचारतज्ज्ञ अशी उतरंड लावली होती. नैराश्य असलेल्यांपैकी मदत घेणारे आधी ४.३ टक्के होते, दीड वर्षानंतरच्या पाहणीत २७.२ टक्के निघाले.

म्हणून माझं मत: आशाताईंना शिकवाच, पण पुढं पाठवायला आरोग्य केंद्रामागं निदान एक समुपदेशक नसेल तर त्यांच्याकडून रुग्णांच्या याद्या करून घेऊ नका. ‘नाव लिहून नेलं, पुढं काय?’ हे ऐकून घ्यायला आशाताईच दारात उभी असते.

प्रशिक्षण कोणाचंही असो, ‘जीव द्यावासा वाटतो का?’ हे सरळ विचारण्याचा सराव त्यात हवाच. विचारल्यानं तो विचार मनात भरतो ही भीती खोटी आहे. फवारणीचं औषध घरात कुठं ठेवलंय हेही विचारायला शिकवा, आणि टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा नंबर पाठ करून घ्या. मेळघाटात हा सराव कोरकूत करावा लागेल. आणि प्रशिक्षण सोयाबीनच्या सोंगणीत किंवा कापूस वेचणीत ठेवू नका, खुर्च्या रिकाम्या राहतील.