उलट्या बाणाचं पुस्तक : आठ महिन्यांनंतर

मागच्या आठवड्यात ऑफिसातल्या एका पोराने सहज विचारलं, "ग्राफ थिअरी शिकायची तर कुठलं पुस्तक घेऊ?" मी पुस्तकाचं नाव सांगायचं सोडून वीस मिनिटं एका मॅट्रिक्सबद्दल, म्हणजे आकड्यांच्या चौकोनी तक्त्याबद्दल, बोलत बसलो. त्याचा चहा संपला, त्याने कप ठेवला, "बरं दादा" म्हणाला आणि गेला. म्हटलं, ती मॅट्रिक्स जिथे भेटली त्या मार्क न्यूमनच्या 'नेटवर्क्स' पुस्तकाबद्दल आता एकदाच लिहून टाकावं.

मी एका पतसंस्थेत संगणक सांभाळतो. गावाचं नाव सांगत नाही, आणि खाली येणाऱ्या माणसांचे तपशीलही थोडे फिरवले आहेत. काम एवढंच होतं: आमच्या साधारण १,८०० कर्जखात्यांमध्ये कोण कुणाला जामीन आहे याचं जाळं मांडायचं आणि कुणावर फार भार पडलाय ते शोधायचं. एक कर्जदार बुडाला की बोजा जामीनदारावर, तो जामीनदार स्वतः कुठे कर्जदार असतो, म्हणजे बोजा आणखी पुढे. कागदावर काढलं की हा सरळसरळ बाणांचा ग्राफ होतो: माणसं म्हणजे बिंदू, म्हणजेच नोड, आणि जामीन म्हणजे त्यांना जोडणारे बाण. (मराठीत 'आलेख' म्हणायला हरकत नाही, पण आमच्याकडे आलेख म्हटलं की लोकांना ठेवींचा चढउतार आठवतो. म्हणून ग्राफच म्हणतो.)

माझ्याकडे कॉलेजपासूनचं नरसिंग देव यांचं ग्राफ थिअरीचं पुस्तक होतं. १९७४चं, इंजिनिअरिंगवाल्यांना माहितीचं. जुनं आहे, अल्गोरिदम फ्लोचार्टमध्ये आहेत, पण स्वस्त आणि मुद्द्याला धरून. त्याच्या जोडीला 'नेटवर्क अ‍ॅनालिसिस'साठी सगळे सांगतात ते मार्क न्यूमनचं घ्यायचं ठरलं. २०१८ची दुसरी आवृत्ती. किंमत बघून दोन महिने काढले, मग सेलमध्ये ऑर्डर टाकली.

आली पहिली आवृत्ती. २०१०ची. पैसे घेतले दुसरीचे.

चॅटवर चार वेगवेगळ्या माणसांनी मला गैरसोयीबद्दल खेद कळवला. पहिल्या आवृत्तीच्या नावात 'अ‍ॅन इंट्रोडक्शन' हे शब्द आहेत, दुसरीचं नाव नुसतं 'नेटवर्क्स'. मी हा फरक दाखवला, तर एक जण म्हणाला, "सर, पण नावात नेटवर्क्स आहे ना?" आहे बाबा. परत पाठवायची मुदत या चर्चेतच संपली. शेवटी ६०० रुपये परत मिळाले आणि पुस्तक माझ्याच गळ्यात राहिलं. तेव्हा वाटलं, गणित काय आठ वर्षांत बदलत नाही, चालेल. याचं पुढे सांगतो.

पुस्तकाबद्दल. वाचायला सुरेख आहे, यात वाद नाही. इंटरनेट, रस्ते, अन्नसाखळ्या, कोणत्या शोधनिबंधाने कोणाचा हवाला दिला, सगळं घेऊन माणूस निवांत गप्पा मारतो आणि मग हळूच समीकरण मांडतो. मला घाई होती. सहावं प्रकरण गणिताच्या पायाचं, म्हणजे मॅट्रिक्स वगैरे. म्हटलं, हे देवांच्या पुस्तकात झालंय. चाळून थेट सातव्यावर उडी मारली, जिथे कोणता नोड किती महत्त्वाचा हे मोजायच्या पद्धती आहेत. त्यातली कॅट्झची पद्धत माझ्या कामाला तंतोतंत बसत होती: प्रत्येकाला थोडं मूळ वजन, शिवाय त्याच्याकडे ज्यांचे बाण येतात त्यांच्या वजनातला हिस्सा. मी बाण कर्जदाराकडून जामीनदाराकडे काढले होते, कारण बोजा तसाच सरकतो. नेटवर्कएक्स या पायथनच्या लायब्ररीत याचं तयार फंक्शन आहे, पण मला शिकायचं होतं. ग्राफची मॅट्रिक्स, म्हणजे कुणाकडून कुणाकडे बाण आहे त्याचा तक्ता, तिथून काढली आणि पुस्तकातलं समीकरण स्वतः पायथनमध्ये लिहिलं. तीन ओळी. यादी छापून व्यवस्थापकांच्या टेबलावर ठेवली.

त्यांनी चष्मा वर सरकवला. "हे पहिल्या नंबरला मास्तर आहेत?"

"हो साहेब. सगळ्यात जास्त भार."

"अहो, मास्तर आजवर कुणाला जामीन राहिलेले नाहीत. सख्ख्या मेव्हण्याला नाही म्हणाले होते, तो अजून बोलत नाही त्यांच्याशी."

तपासलं. खरं होतं. मास्तरांच्या नावावर तीन छोटी कर्जं, त्यांना सहा जामीनदार, आणि मास्तर स्वतः जामीनदार म्हणून शून्य ठिकाणी. माझ्या यादीत मात्र ते संस्थेतले सगळ्यात दबलेले जामीनदार. यादी पूर्ण उलटी आली होती. ज्यांच्याकडून बोजा निघतो ते वर, ज्यांच्यावर पडतो ते खाली.

पुढचे तीन दिवस मी डेटाला दोष दिला. खातेक्रमांक जुळवले, एक्सेल पुन्हा काढली, घरी जेवताना आकडे बडबडलो. तिसऱ्या रात्री तीन नोडचा खेळण्यातला ग्राफ केला: क ते ख एक बाण, ख ते ग एक बाण, बस्स. मॅट्रिक्स छापली. नेटवर्कएक्समध्ये आडवी ओळ म्हणजे बाण जिथून निघतो तो नोड, उभा रकाना म्हणजे जिथे पोचतो तो. देवांच्या पुस्तकातही असंच, पहिल्या अंकाकडून दुसऱ्याकडे. माणसाला तेच सुचणार, आपण डावीकडून उजवीकडे वाचतो. न्यूमनच्या पुस्तकात नेमकं उलटं आहे: मॅट्रिक्समधला 'आय-जे' हा आकडा (आय ही ओळ, जे हा रकाना) म्हणजे जे कडून आय कडे जाणारा बाण.

तुम्ही म्हणाल, एवढंच ना, मॅट्रिक्स आडवीची उभी करायची. एवढंच. पण या एवढ्याशाने माझे तीन दिवस गेले आणि मास्तरांची बदनामी होता होता राहिली. बरं, हा एकट्याचा हट्टही नाही. बाराबासींचं 'नेटवर्क सायन्स' वेबसाइटवर पूर्ण फुकट आहे, मोठ्या आशेने तिकडे गेलो, तर तिथेही जे कडून आय कडेच. आयग्राफ आणि नेटवर्कएक्स या दोन्ही लायब्ररी दुसऱ्या बाजूला. म्हणजे ही दोन पुस्तकं एकीकडे, अवजारं दुसरीकडे, आणि शिकणारा मध्ये. स्वतःकडेच वळणाऱ्या बाणाचं तर आणखी निराळं: बिनबाणाच्या ग्राफमध्ये न्यूमन तो दोन धरतात, नेटवर्कएक्स एकच धरतं. आमच्याकडे सुदैवाने कुणी स्वतःलाच जामीन राहत नाही. निदान कागदावर तरी.

पहिल्या तीन महिन्यांनंतर मी हे लिहिलं असतं तर पाचपैकी दोन तारे दिले असते, आणि वर चार शिव्या.

मग एका रविवारी निमूटपणे सहावं प्रकरण पहिल्या पानापासून काढलं. जिथे बाणांच्या ग्राफची मॅट्रिक्स येते तिथेच लेखकाने स्वच्छ लिहिलंय की दिशा दुसऱ्या अंकाकडून पहिल्याकडे आहे, हे जरा विचित्र वाटेल, पण गणिताला सोयीचं पडतं. सगळं सांगून ठेवलेलं. मीच चाळलं होतं. आणि सोय खरंच आहे: उभ्या रकान्यात सगळ्यांची वजनं लिहा, डावीकडून मॅट्रिक्सने गुणा, की प्रत्येकाला त्याच्याकडे येणाऱ्या बाणांची बेरीज आपोआप मिळते. दुसऱ्या पद्धतीत प्रत्येक समीकरणात मॅट्रिक्स आडवीची उभी करून लिहावी लागली असती. पटलं. तरीही माझं म्हणणं आहे की ही सूचना चौकटीत हवी होती, ठळक अक्षरात, आणि सातव्या प्रकरणाच्या तोंडाशी पुन्हा एकदा. विजेच्या डीपीवर कवटी असते तशी.

मधल्या काळात बाकीची पुस्तकंही हाताळली, त्यांचं थोडक्यात. डग्लस वेस्ट यांचं पुस्तक सिद्धता शिकायला उत्तम. उदाहरणांपुढे सोपं, अवघड आणि 'हे नक्की सोडवा' अशा खुणा आहेत, त्यामुळे वेळ कमी असलेल्याला निवडता येतं. मागे निवडक उदाहरणांना इशारे आहेत, उत्तरं नाहीत. रात्री अकरा वाजता इशारा पुरत नाही. बाँडी आणि मूर्ती यांचं १९७६चं जुनं पुस्तक इंटरनेटवर अधिकृतपणे फुकट मिळतं, माझ्यासारख्याला तोच मोठा गुण. ईझली आणि क्लाइनबर्ग यांच्या पुस्तकाचा प्रकाशनाआधीचा मसुदाही तसाच फुकट आहे. गणिताची भीती असेल तर तिथूनच सुरू करा. ओळखीपाळखीतून नोकरी कशी लागते, शत्रूचा शत्रू मित्र कधी होतो, असली प्रकरणं कथेसारखी वाचली जातात.

दोन गोष्टी मात्र पुन्हा पुन्हा भेटतात. एक, गणिती ऑयलर आणि क्योनिग्सबर्गचे सात पूल, म्हणजे प्रत्येक पूल एकदाच ओलांडायचं कोडं, १७३६. दुसरी, झॅकरीचा कराटे क्लब. १९७७च्या अभ्यासातला ३४ सभासदांचा क्लब, भांडण झालं, दोन तुकडे झाले. त्यावर या विषयातली सगळी दुनिया आपापल्या पद्धती तपासते. आपल्याकडे गणेश मंडळं दरवर्षी फुटतात, आणि डेटा कुणी ठेवत नाही. हो, आणि ऑयलरचं नाव निघालंच आहे तर, त्याच्या लॅटिन चौरसांबद्दलच्या (ज्यांत प्रत्येक ओळीत आणि रकान्यात प्रत्येक चिन्ह एकदाच येतं) अंदाजाला १९५९ साली खोटं ठरवणाऱ्या तिघांत शरदचंद्र श्रीखंडे होते, पुढे मुंबई विद्यापीठात गणित विभागाचे प्रमुख. त्यांच्या नावाचा एक ग्राफही आहे, १६ बिंदूंचा, प्रत्येकाला बरोबर सहा जोड. मी हे घरी सांगितलं तर मुलीने विचारलं, "श्रीखंडाचा ग्राफ?" असो.

आता त्या चुकून आलेल्या आवृत्तीबद्दल. गणित बदलत नाही हे खरं, पण पुस्तक बदलतं. दुसऱ्या आवृत्तीत डेटातल्या चुकांवर, म्हणजे नेटवर्क मोजतानाच काय काय चुकतं यावर, खास प्रकरण घातलंय. मला नेमकं तेच हवं होतं. आमच्या जुन्या नोंदीत एकच माणूस 'पाटील आर. बी.', 'रा. बा. पाटील' आणि नुसता 'रामभाऊ' अशा तीन नावांनी जामीन आहे. तीन नोड झाले की भार तिघांत वाटला जातो आणि माणूस यादीत दिसतच नाही. मी हे हाताने निस्तरलं, दीड महिना गेला. त्या ६०० रुपयांत मी हा दीड महिना विकला असं आता वाटतं. घेणार असाल तर आधी विक्रेत्याकडून आतल्या पानाचा फोटो मागवा, वर्ष वाचा, मगच पैसे द्या.

आता ज्यामुळे माझं मत फिरलं ते. कॅट्झच्या पद्धतीत एक गुणक आपण निवडायचा असतो आणि तो मॅट्रिक्सच्या सगळ्यात मोठ्या आयगेनव्हॅल्यूच्या (मॅट्रिक्सने पुन्हा पुन्हा गुणलं तर आकडे दर वेळी साधारण किती पट होतात ते सांगणारा आकडा) व्यस्तापेक्षा लहान ठेवावा लागतो, नाहीतर आकडे बेफाम वाढतात. म्हणून मी अगदी पहिल्याच दिवशी ती आयगेनव्हॅल्यू काढली होती. १.२६ आली. गुणक ०.५ ठेवला आणि पुढे गेलो. नळाचा दाब बघावा तसा तो आकडा बघितला.

त्या रविवारी, दिशेच्या सूचनेनंतर थोड्याच पानांवर, फेरा नसलेल्या ग्राफचा भाग आला. बाणांवरून चालत निघालो आणि कधीच मूळ जागी परत येता येत नाही असा ग्राफ. तिथे सांगितलंय की अशा ग्राफच्या सगळ्या आयगेनव्हॅल्यू शून्य असतात, आणि सगळ्या शून्य असतील तर फेरा नसतोच.

माझी १.२६ होती.

म्हणजे आमच्या जामिनांत फेरा आहे. 'तू माझा जामीन, मी तुझा' असा सरळ व्यवहार आमचं सॉफ्टवेअर अडवतं, पण एकाला दुसरा, दुसऱ्याला तिसरा आणि तिसऱ्याला पुन्हा पहिला हे त्याला कळत नाही. अशा फेऱ्यात जामीन म्हणजे तिघांनी एकमेकांच्या खांद्यावर उभं राहणं. नुसता तिघांचा एक फेरा असता तर आकडा १ आला असता. एकमेकांपासून सुटे दोन फेरे असते तरी १च. १.२६ म्हणजे दोनाचं घनमूळ, आणि तिघांचे दोन फेरे एका माणसात जोडले गेले तर बरोबर तेवढंच येतं. नेमकी माणसं शोधायला ईझली-क्लाइनबर्गच्या पुस्तकात वेबच्या रचनेबद्दलच्या प्रकरणात वाचलेली एक कल्पना वापरली: असे गट, ज्यांत कुणाहीकडून निघून कुणाहीकडे पोचता येतं. एक कमांड. पाच नावं. वहीत काढून बघितलं: दोन त्रिकोण, मध्ये एक माणूस सामाईक.

आणि गंमत म्हणजे मॅट्रिक्स आडवीची उभी केली तरी आयगेनव्हॅल्यू तीच राहते. ज्या उलट्या बाणावरून मी तीन महिने करवादलो त्याचा या शोधाशी काडीचा संबंध नव्हता. चुकीच्या प्रोग्रामनेही पहिल्या दिवशी बरोबर उत्तर स्क्रीनवर दिलं होतं. मला वाचता आलं नव्हतं.

तर आता साडेचार तारे. अर्धा त्या चौकटीसाठी कापला, तो मिळणार नाही. पैसे बेताचे असतील तर देव विकत घ्या, बाराबासी आणि ईझली-क्लाइनबर्ग फुकट वाचा, आणि न्यूमन वाचनालयात मिळाला तर सहावं प्रकरण न चाळता वाचा. विकत घेणार असाल तर दुसरीच आवृत्ती.

तो दोन त्रिकोणांचा कागद मी व्यवस्थापकांना दिला. त्यांनी बराच वेळ पाहिला, चार घड्या घातल्या, ड्रॉवरमध्ये ठेवला आणि म्हणाले, "पुढच्या बैठकीत बघू." बैठक अजून लागलेली नाही. मधला सामाईक माणूस कोण हे मी इथे सांगणार नाही. मास्तर नव्हेत, एवढं सांगतो.