क्रोनर्जी मॅजिक: क्षणापुरती हुकमत

डंजन्स अँड ड्रॅगन्स या फासे टाकत मिळून गोष्ट रंगवण्याच्या खेळाच्या पाचव्या आवृत्तीत काळाशी खेळणारा विझार्ड, म्हणजे मांत्रिक पात्र, ज्यांना हवा असतो, त्यांची नजर पहिल्यांदा 'क्रोनर्जी मॅजिक' या उपवर्गाकडे, म्हणजे विझार्डच्या एका खास शाखेकडे, जाते. विझार्ड्स ऑफ द कोस्टने मार्च २०२० मध्ये प्रसिद्ध केलेल्या 'एक्सप्लोरर्स गाइड टू वाइल्डमाउंट' या ३०४ पानी पुस्तकात तो आहे. मॅथ्यू मर्सर यांच्या 'क्रिटिकल रोल' या, हाच खेळ खेळून दाखवणाऱ्या मालिकेतल्या जगाचा एक खंड हा पुस्तकाचा मुख्य विषय असल्यामुळे उपवर्गाच्या वाट्याला मोजकीच जागा आली आहे. म्हणून केवळ त्याच्यासाठी पुस्तक विकत घेऊ पाहणाऱ्यांनी आधी ते कोणाकडून तरी चाळायला मागावे.

काळाची जादू म्हटली की घडून गेलेले बदलता यावे, अशी अपेक्षा असते. खेळाच्या टेबलावर मात्र ती पुरी करणे कठीण, कारण सगळ्यांनी मिळून रंगवलेला प्रसंग एकाच खेळाडूला पुसून टाकता आला, तर उरलेल्यांनी खेळायचे कशासाठी, हा प्रश्न लगेच उभा राहतो. क्रोनर्जीच्या रचनाकारांनी हा मोह टाळला आहे. इथला मांत्रिक फार तर काही क्षण मागे-पुढे करतो, आणि त्याची खरी सत्ता चालते ती नुकत्याच पडलेल्या फाशावर.

दुसऱ्या लेव्हलला, म्हणजे पात्राच्या प्रगतीच्या दुसऱ्या टप्प्याला, मिळणारी 'क्रोनल शिफ्ट' ही शक्ती म्हणूनच सर्वांत समाधानकारक वाटते. तीस फुटांच्या आत, डोळ्यांसमोर कोणी हल्ल्याचा, कौशल्याचा किंवा बचावाचा फासा टाकला, तर निकाल कळल्यावरही रिअ‍ॅक्शन (घडलेल्या गोष्टीला लगेच उत्तर देणारी कृती) खर्चून तो पुन्हा टाकायला लावता येतो, आणि दुसरा आकडा बंधनकारक ठरतो. डिव्हिनेशन या विझार्डच्या दुसऱ्या, भविष्य पाहणाऱ्या शाखेच्या 'पोर्टेंट' शक्तीमध्ये आकडा आधीच हाताशी असतो, पण तो समोरच्याने फासा टाकण्यापूर्वीच वापरावा लागतो. इथे उलट, पडलेला घाव पाहून मग निर्णय घेता येतो, आणि काळ मागे फिरवल्याची भावना या एवढ्याशा फरकातून येते. दोन दीर्घ विश्रांतींच्या मध्ये ही शक्ती दोनदाच वापरता येत असल्यामुळे ती सढळ हाताने उधळली जात नाही. सोबतची 'टेम्पोरल अवेअरनेस' इनिशिएटिव्हमध्ये, म्हणजे लढाईतला क्रम ठरवणाऱ्या फाशात, बुद्धिमत्तेचा मॉडिफायर (त्या गुणामुळे मिळणारी भर) मिळवून देते, म्हणजे हा मांत्रिक बहुधा इतरांच्या आधी हालचाल करतो. हे उपयोगी आहे, पण त्यावर अधिक लिहिण्यासारखे काही नाही.

सहाव्या लेव्हलची 'मोमेंटरी स्टेसिस' नावावरून वाटते त्याहून नरम आहे. साठ फुटांच्या आतला शत्रू जागीच गोठतो खरा, पण त्याला पहिली इजा होताच तो मोकळा होतो. सोबत्यांना धीर धरवत नसेल, तर ती वाया गेली म्हणून समजावे.

माझा मुख्य आक्षेप दहाव्या लेव्हलच्या 'आर्केन अबेयन्स'वर आहे. चौथ्या किंवा त्याखालच्या पातळीच्या स्लॉटमधला (मंत्र वापरण्याच्या मोजक्या संधींपैकी एकीतला) स्पेल, म्हणजे मंत्र, एका करड्या मण्यात तासभर गोठवून ठेवायचा आणि तो मणी ज्याच्या हाती असेल त्याने एका अ‍ॅक्शनमध्ये तो सोडायचा, ही कल्पना पुस्तकातल्या उत्तम कल्पनांपैकी आहे. तिच्या नियमांत मात्र मोठी फट राहून गेली. स्पेल सोडणारा हाच बहुतेक बाबतीत त्याचा कर्ता मानला जात असल्यामुळे कॉन्सन्ट्रेशनचा, म्हणजे स्पेल चालू ठेवण्यासाठी लागणाऱ्या एकाग्रतेचा, भार त्याच्यावर जातो. त्यामुळे मांत्रिकाचा पाळीव फॅमिलिअर मणी घेऊन बसला की मांत्रिक स्वतः दुसऱ्या स्पेलवर लक्ष केंद्रित करायला मोकळा राहतो. शिवाय 'टायनी हट'सारखा संरक्षक घुमट उभारणारा, एरवी मिनिटभर लागणारा स्पेल ऐन लढाईत सहा सेकंदांत उभा करता येतो. चतुर खेळाडूंना हे सापडायला वेळ लागत नाही, आणि मग दर छोट्या विश्रांतीनंतर तोच डाव मांडला जातो. खेळ चालवणाऱ्या डंजन मास्टरने फॅमिलिअरला मणी वापरता येणार की नाही, हे पहिल्याच बैठकीत ठरवून टाकलेले बरे.

चौदाव्या लेव्हलची 'कन्व्हर्जंट फ्यूचर' याच्या अगदी उलट, मोजून-मापून घडवलेली आहे. फाशाकडे दुर्लक्ष करून एखादी कृती साधली की फसली, हे मांत्रिकानेच ठरवायचे आणि त्याबदल्यात थकव्याची एक पायरी पत्करायची. हा थकवा केवळ दीर्घ विश्रांतीनेच उतरतो, आणि सहाव्या पायरीवर मृत्यू आहे. इतकी अफाट सत्ता असूनही ती टेबलाला जड होत नाही, याचे श्रेय या किमतीला द्यावे लागेल.

पुस्तकातल्या ड्युनामॅन्सीच्या, म्हणजे काळ आणि शक्यतांशी खेळणाऱ्या जादूच्या, स्पेलांपैकी पाचव्या पातळीचा 'टेम्पोरल शंट' मला सर्वाधिक आवडला. हल्ला करणारा किंवा स्पेल म्हणू लागलेला शत्रू बचावात चुकला, तर तो क्षणभर काळातच दुसरीकडे फेकला जातो आणि त्याची ती कृती वाया जाते. नवव्या पातळीचा 'टाइम रॅव्हेज' शत्रूला इतके वार्धक्य आणतो की त्याच्याकडे जेमतेम तीस दिवसांचे आयुष्य उरते. वाचताना अंगावर काटा येतो, पण बहुतेक मोहिमा त्या पातळीला पोचण्यापूर्वीच आटोपतात.

ही विद्या पुस्तकात क्रिन डायनस्टी या वाइल्डमाउंटमधल्या राज्याच्या लोकांशी आणि त्यांच्या पूज्य लक्सन या देवतेशी जोडलेली आहे. दुसऱ्या जगात खेळणाऱ्यांना तो संबंध सहज तोडता येतो. २०२४ च्या सुधारित नियमांनी खेळत असल्यास दुसऱ्या लेव्हलच्या शक्ती तिसऱ्या लेव्हलला मिळतात, एवढा फरक तेवढा लक्षात ठेवावा.