जुन्या फडताळाला चॉक पेंट की ऑइल पेंट?

आमच्या स्वयंपाकघरात आजीच्या वेळचं फडताळ आहे. मूळ लाकूड कुठलं ते आता कोणालाच सांगता येत नाही, कारण दर चार-पाच दिवाळ्यांनी त्यावर ऑइल पेंटचा एकेक हात चढत गेला. त्याला 'विंटेज' रूप द्यायची टूम निघाली, तेव्हा आधी एका स्टुलावर प्रयोग केला. अर्ध्या भागाला चॉक पेंट, अर्ध्याला ऑइल पेंट.

चॉक पेंट म्हणजे शाळेच्या फळ्याचा रंग नव्हे. इंग्लंडमधल्या ॲनी स्लोन यांनी 1990 मध्ये तो बाजारात आणला. पाण्यात मिसळणारा, दाट आणि वाळल्यावर अजिबात न चकाकणारा. त्याचं खरं सुख तयारीत आहे. धूळ आणि तेलकटपणा पुसून काढला की बहुतेक वेळा जुन्या रंगावरच तो लावता येतो. दोन्ही हात एका दिवसात होतात, ब्रश नळाखाली धुतला जातो. ऑइल पेंटला आधी घासा, खाचांत लांबी (पुट्टी) भरा, प्रायमर मारा, मग दोन हातांच्या मध्ये रात्र जाऊ द्या. शिवाय घरभर टर्पेंटाइनचा वास.

मग ऑइल पेंट लावावाच कशाला? कारण चॉक पेंट वाळला तरी काम संपत नाही. त्यावर मेण किंवा वार्निश हवंच, नाहीतर तेलाचं बोट लागलं तरी डाग बसतो. मेण पुरतं कडक व्हायला काही आठवडे लागतात. मी तिसऱ्याच दिवशी स्टुलावर गार पाण्याचा तांब्या ठेवला आणि पांढरं वर्तुळ उमटलं. शेजारच्या ऑइल पेंटवर फडकं फिरवलं, काम झालं. ओट्याजवळच्या वस्तूला ऑइल पेंटच बरा. चॉक पेंटच हवा असेल तर मेणाऐवजी पाण्यातलं मॅट वार्निश लावा. लिटरमागे चॉक पेंट महागही पडतो.

लाकूड सागवानी असेल आणि रेषा अजून दिसत असतील, तर माझं ऐका, दोन्ही रंग नकोत. चपड्याचं, म्हणजे लाखेचं, पॉलिश करून घ्या. रंगवायचंच असेल तर फिकट रंगाआधी चपड्याचा एक हात द्या, नाहीतर लाकडातला तपकिरीपणा पांढऱ्या रंगातून डागांसारखा वर येतो.

विंटेजसाठी कोपरे पॉलिश पेपरने घासून खालचा रंग दाखवतात. दिसतं झकास, पण खालचा रंग किती जुना आहे ते आधी बघा. भारतात घरगुती रंगांतल्या शिशावर 90 पीपीएमची (दहा लाख भागांत 90 भाग) मर्यादा 2017 च्या नोव्हेंबरपासून लागू झाली. त्याआधीच्या थरांत विषारी शिसं असू शकतं आणि कोरडं घासलं की तेच धुळीतून घरभर पसरतं. घरात रांगतं मूल असेल तर हा हट्ट सोडाच.

आम्ही फडताळाच्या दारांना चॉक पेंट दिला, आतल्या फळ्यांना ऑइल पेंट. नुसतं साबणाच्या पाण्याने पुसून घेतलं, घासणं नाहीच. आणि कोपरे झिजल्यासारखे दिसावेत म्हणून जवळजवळ कोरड्या ब्रशने तपकिरी रंगाचे दोन-चार फटकारे मारले.