के५१.९ : नऊ महिन्यांचा अनुभव

हे ना औषधाबद्दल, ना दवाखान्याबद्दल. अल्सरेटिव्ह कोलायटिस (मोठ्या आतड्याला आतून सूज येऊन व्रण पडण्याचा जुनाट आजार) काय असतो, त्यावर मेसालामाइन हे औषध कशासाठी देतात, स्टेरॉइड हळूहळू का उतरवतात, हे तुम्हाला माहीत आहे असं धरून चालतो. नसेल तर देवाची कृपा समजा. मी लिहितोय त्या आजाराच्या कोडबद्दल, के५१.९ बद्दल. डिस्चार्ज कार्डाच्या कोपऱ्यात एक अक्षर, दोन आकडे, एक टिंब आणि पुन्हा एक आकडा असतो ना, त्याच्याबद्दल. त्या टिंबापायी माझे ६१ हजार ८०० रुपये चार महिने अडकले होते.

जूनमध्ये, ऐन पावसात, रक्त पडायला लागलं म्हणून म्हापशाला एका खासगी इस्पितळात पाच दिवस काढले. कोलोनोस्कोपी झाली, तुकडा तपासायला गेला, इंजेक्शनं झाली, बिल ६८ हजार ४५० रुपये. दीनदयाळचं, म्हणजे गोवा सरकारच्या आरोग्य योजनेचं कार्ड का नाही काढलं, असं विचारणारे भेटतातच. मुलगा सहा वर्षं माझ्या पॉलिसीचा हप्ता भरतोय, तो कधीतरी वसूल नको व्हायला? कॅशलेस तिथे चालत नव्हतं, म्हणून आधी स्वतः पैसे भरले आणि मग क्लेम टाकला.

क्लेमच्या फॉर्मचे दोन भाग असतात. 'अ' आपण भरायचा, 'ब' इस्पितळाने. 'ब'मध्ये आयसीडी-१० चा, म्हणजे जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या कोड-यादीचा रकाना असतो : मुख्य निदान, जोडीचं निदान, इतर आजार. मी 'अ' भाग तीनदा तपासला. 'ब'कडे ढुंकून पाहिलं नाही, तो आपला भागच नव्हे म्हणून. जुलैअखेर कंपनीचं पत्र आलं. फॉर्मवर के५२.९, बायोप्सीत अल्सरेटिव्ह कोलायटिस, दोन्ही जुळत नाहीत, खुलासा करा. शोधलं तर के५२.९ म्हणजे संसर्गाशिवाय झालेला जठर-आतड्यांचा दाह, नेमका प्रकार न सांगितलेला. आमच्या घरी याला पोट बिघडलं म्हणतात. बायको म्हणाली, "पेज जेव, बरो जातलो." पेजेवर पाच दिवसांचं बिल कोण देणार?

गणिताचा मास्तर होतो मी, तीस वर्षं. माझ्या डोळ्यांना ५१.९ आणि ५२.९ मध्ये पूर्ण एकचाच फरक दिसत होता, त्यामुळे हे किरकोळ प्रकरण असावं असं वाटलं. डिचोलीहून बस धरून म्हापशाला गेलो. खिडकीवरची मुलगी म्हणाली, "काका, सिस्टिममध्ये कोलायटिस टाकलं की पहिलं हेच येतं." मी तिला बरंच ऐकवलं. पुढच्या खेपेला पुन्हा ऐकवलं. तिसऱ्या खेपेला ती रजेवर होती आणि मी घरून मनातल्या मनात भाषण तयार करून गेलो होतो, ते फुकट गेलं.

इथे मला माझं मत बदलावं लागलं. माझी भाची पर्वरीत राहून अमेरिकेतल्या दवाखान्यांचं कोडिंग करते. तिने कागद मागवून घेतले आणि पहिल्यांदा तारखा पाहिल्या. डिस्चार्ज कार्ड लिहिलं गेलं तेव्हा बायोप्सीचा अहवाल आलाच नव्हता, तो आठ दिवसांनी आला. कार्डावर डॉक्टरांनी नुसतं 'कोलायटिस' लिहिलं होतं. "मामा, डॉक्टरांनी जे लिहिलं नाही ते कोड करणाऱ्याने स्वतःच्या डोक्याने लिहायचं नसतं. ती मुलगी बरोबर वागली, तुम्ही उगाच ओरडलात." चवथीच्या आधी नेवऱ्यांचा डबा घेऊन खिडकीवर गेलो. तिने तो घेतला, पण हसली नाही.

उपाय सोपा निघाला. बायोप्सीचा अहवाल दाखवून डॉक्टरांकडून दुरुस्तीचं पत्र घेतलं, त्यात के५१.९. महिनाभरात कंपनीने उत्तर दिलं नसतं तर विमा लोकपालांकडे जाणार होतो. गोव्यासाठीची त्यांची कचेरी मुंबईत आहे, तक्रारीला फी नाही, म्हणून अर्जही लिहून ठेवला होता. तो तसाच राहिला. ऑक्टोबरमध्ये पैसे जमा झाले, हातमोजे आणि नोंदणी शुल्क वगैरेचे ६ हजार ६५० कापून. हातमोज्यांबद्दल मी आत्ता बोलत नाही.

पैसे मिळाले, पण टिंब डोक्यातून जाईना. इथून पुढचा भाग कंटाळवाणा वाटेल, त्याला इलाज नाही. मला वाटायचं, टिंबापुढचा आकडा जितका मोठा तितका आजार मोठा. .९ म्हणजे जवळजवळ ५२! साफ चूक. ते दशांश चिन्हच नव्हे. के५१ हे घराचं नाव, पुढे खोल्या. .० म्हणजे संपूर्ण मोठं आतडं. शून्यात सगळं भरलेलं, असं गणित मी आयुष्यात शिकवलं नाही. .२ म्हणजे फक्त गुदाशय, .३ म्हणजे त्याच्या थोडं वर, .५ म्हणजे डावी बाजू. .४ दाहातून आलेल्या पॉलिपांना, .८ इतर प्रकारांना. .९ म्हणजे कुठे ते सांगितलं नाही. १, ६ आणि ७ या खोल्याच नाहीत. भाचीला विचारलं, सात कुठे गेला? ती म्हणाली, "मामा, मला दिवसाला साठ चार्ट संपवायचे असतात." तिच्या अमेरिकेच्या कामात तर नुसतं के५१.९ लिहिलं तर बिल परत येतं. पुढे आणखी आकडे लागतात. गुंतागुंत नसेल तर के५१.९०, रक्त पडत असेल तर के५१.९११. माझ्या रक्तालाही आकडा आहे!

म्हणून नोव्हेंबरच्या तपासणीला मी डॉक्टरांना म्हटलं, माझ्या रिपोर्टात आजार डाव्या बाजूपर्यंतच आहे, मग नऊ का, पाच लिहा. ते हसले, आणि मग गंभीरपणे रिपोर्ट पुन्हा चाळू लागले. सपोझिटरी, म्हणजे गुदद्वारातून घालायची गोळी, गुदाशयापुरती काम करते, एनिमा डाव्या बाजूपर्यंत पोचतो, त्याच्या वर गेलेल्या आजाराला तोंडावाटेच औषध लागतं. मी फक्त गोळ्या घेत होतो. त्या दिवशी जोडीला रात्रीचा एनिमा सुरू झाला. पंधरवड्यात सकाळची धावपळ निम्म्यावर आली. कारकुनी आकडा म्हणून त्याला शिव्या घालत होतो, तो निघाला नकाशा. इथे मी त्याला पाचपैकी चार तारे देऊन टाकले होते.

जानेवारीत दोन काढून घेतले. मुलाने हप्ता वाचवायला पॉलिसी दुसऱ्या कंपनीत पोर्ट करायचं ठरवलं. प्रस्तावात जुन्या क्लेमची माहिती द्यावी लागते, आम्ही खरी दिली, के५१ सकट. तीन दिवसांत नकार. के५२.९ ला मी पोट बिघडलं म्हणून हसलो होतो, पण तो राहिला असता तर नव्या कंपनीने एवढी दचक घेतली नसती, असं मुलगा म्हणतो. त्याला मी गप्प बसवलं, कारण खोटा कोड ठेवून घेतलेली पॉलिसी पुढच्या क्लेमला गळ्याशी येते. पण त्याचं म्हणणं मनात राहिलं. क्लेम केला म्हणून जुनी कंपनी नूतनीकरण नाकारू शकत नाही, एवढाच आधार. हप्ता मात्र जुनाच महाग.

आता आयसीडी-११ आहे म्हणे, १ जानेवारी २०२२ पासून लागू, आणि त्यात आमचा आजार डीडी७१. डीडी म्हटलं की मला शनिवारचा सिनेमा आठवतो. माझ्या कागदांवर अजून के५१ च येतंय. गेल्या आठवड्यात नवं डिस्चार्ज कार्ड मिळालं, फक्त दिवसभराच्या तपासणीचं. या खेपेला 'ब' भाग खिडकीवरच उभं राहून वाचला. मुख्य निदान : के५१.५. जोडीच्या निदानाच्या रकान्यात के५२.९. मुलीने माझ्याकडे पाहिलं, काही न बोलता खोडलं आणि सही केली.